मला मावशी आहे

प्रिय ताई,

पत्र बघून घाबरू नकोस. घाबरायचं काम इथे मी एकटी करते आहे आणि ते दोघींना पुरेल एवढं झालंय. फोनवर तू ‘बघते’ म्हणालीस आणि ठेवून दिलास. मागे तुझ्या सासूबाईंचा आवाज येत होता, म्हणून मी राग मानला नाही. पण ‘बघते’ या शब्दाचं काय होतं ते तुलाही माहीत आहे. आमचा घरमालकसुद्धा गळक्या नळाला बघतोच म्हणतो. म्हणून लिहायला बसले. हे पत्र आमच्या खालच्या शिलाईवालीच्या हातून येईल. तिचं माहेर तुमच्या बाजूला आहे. उशीच्या अभ्र्यांच्या गठ्ठ्यात घालून आणते म्हणाली. तिला चहा दे, पण काही विचारू नकोस, ती बोलायला लागली की थांबत नाही. तू एकटी असशील तेव्हा वाच. इथे आत्ता दुपार आहे. पाळणाघरातली सगळी पोरं झोपली आहेत, भिंगरीपण झोपली आहे. बाई वरती जेवायला गेल्यात. मी दारापाशी बसून लिहिते आहे, जिन्यावर पाऊल वाजलं की कागद मांडीखाली.

फोनवर मी नुसती रडत होते, तुला अर्धंच कळलं असेल. पहिल्यापासून सांगते. तपासणीच्या मॅडम आल्या होत्या. सध्या सगळीकडे फिरतायत. प्रत्येक मूल इथलं आहे की सीमेपलीकडचं, त्याची आई कोण, आईकडे इथली असल्याचं कार्ड आहे का, हे सगळं नव्याने लावायचं निघालंय. मला वाटायचं, असलं काम करणारं माणूस खेकसणारं असेल, दारावर काठी आपटेल. या तर गोड निघाल्या. चपला बाहेर काढल्या, बाईंच्या कुंड्यांचं कौतुक केलं. मग पोरं मोजली. हजेरीत नावं होती त्यापेक्षा एक डोकं जास्त. परत मोजली. बाईंनीपण मोजली, जसं काही त्यांनी मोजल्यावर एक कमी होणार होतं. भिंगरीचं नाव हजेरीत कधीच नव्हतं. तिचं इथे राहणं माझ्या कामात धरलेलं आहे, फी नाही तर नाव नाही. बाकीच्या पोरांच्या खुंट्यांवर चित्रं आहेत, बदक, छत्री, आगगाडी, म्हणजे त्यांना आपला टॉवेल ओळखू येतो. भिंगरीचा टॉवेल शेवटच्या बिनचित्राच्या खुंटीला. मॅडमनी त्या खुंटीकडे बघितलं, मग माझ्याकडे. बाई म्हणाल्या, ‘ती ना, ती आमच्या मावशींची आहे.’

तिचा जन्माचा दाखला माझ्या पिशवीत कायम असतो, तो मी काढून दिला. मॅडमनी वाचला. आई म्हणून तुझं नाव. त्यांनी विचारलं, ‘तुम्हीच का या?’ ताई, लस टोचायला नेते तिथेही मला हेच विचारतात आणि मी बिनधास्त हो म्हणते. तुझ्या नावाला ओ द्यायची मला इतकी सवय झाली आहे की रस्त्यात कुणाला त्या नावाने हाक मारली तरी माझी मान वळते. तेव्हापण हो निघणारच होतं. तेवढ्यात त्यांच्या हातातलं यंत्र दिसलं. अंगठा ठेवायचं यंत्र. हो म्हटलं की अंगठा ठेवावा लागणार, आणि अंगठा तर माझाच. लस टोचणाऱ्या बाईकडे यंत्र नव्हतं. हो गिळून मी भिंगरीच्या फ्रॉकचं बटण लावत बसले. मॅडम गुडघ्यावर बसल्या. भिंगरीच्या ओठावर दुधाची मिशी होती, ती त्यांनी स्वतःच्या रुमालाने पुसली आणि माझ्याकडे बोट करून विचारलं, ‘ही कोण गं तुझी?’ भिंगरी म्हणाली, ‘मावशी.’ ‘आणि आई कुठे आहे?’ तर पोरीने म्हातारीसारखी मान हलवली आणि म्हणाली, ‘मला आई नाही. मला मावशी आहे.’ एखादं पोर सांगतं ना, आमच्याकडे कुत्रा नाही, मांजर आहे, तसं सांगितलं. वाईट वाटून नाही, उलट जरा ऐटीत.

त्या शब्दाने मी वाचले आणि त्याच शब्दाने बुडाले. मॅडमना सगळं जुळलं. कागदावर तू आई, पोरीच्या तोंडी मी मावशी, म्हणजे मी आईची बहीण. यंत्र त्यांनी परत पिशवीत ठेवलं. म्हणाल्या, मग आईने पोर इथे का टाकलंय? महिनाअखेरीला आईने स्वतः मुलीला घेऊन कार्यालयात यायचं, कार्ड आणायचं, अंगठा द्यायचा, विचारलेलं सांगायचं. सगळं बरोबर निघालं तर मुलीला तिथल्या तिथे तिचं स्वतःचं कार्ड. आई आली नाही तर मूल टाकलेलं धरून सरकारी बालगृहात. असं सांगून माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाल्या, ‘काळजी करू नका मावशी, तिथे गाद्या चांगल्या आहेत.’ माझं कार्ड मागितलं तेव्हा बाई मध्ये पडल्या, म्हणाल्या, मावशींचे कागद माझ्या कपाटात आहेत आणि किल्ली ह्यांच्याकडे असते. मॅडम म्हणाल्या, बरं, पुढच्या खेपेला. त्या गेल्यावर बाई तांब्याभर पाणी प्यायल्या आणि मला म्हणाल्या, ‘पुढच्या खेपेला तू इथे दिसू नकोस.’ वाईट नाहीत गं त्या. त्यांचंपण पाळणाघर आहे.

तू म्हणशील, पोरगी तुला आई का म्हणत नाही. तुला मागे कळलं होतं तेव्हा तू हसली होतीस. इथे काम करते ती मावशीच, मग ती विशीतली का असेना. त्या आगगाडीवाल्याचे आजोबा, तोंडात एक दात शिल्लक नाही, तेपण मला म्हणतात, ‘मावशी, आमच्याचा मोजा राहिला.’ भिंगरी या पोरांत रांगली, त्यांच्यातच बोलायला शिकली. सगळी ज्याला बॉल म्हणतात त्याला तीपण बॉल म्हणते, सगळी मला मावशी म्हणतात तर तीपण. पहिल्यांदा म्हणाली तेव्हा मी पोटभर हसले. मग शिकवायला गेले, मावशी नाही, आई म्हण. तर काही दिवस ‘आईमावशी’ म्हणायची. ते ऐकून एका मुलाच्या आईने नाक मुरडलं, म्हणजे ही स्वतःचं पोर सांभाळते की आमची. बाई म्हणाल्या, राहू दे मावशीच, काय बिघडतंय. मलापण वाटलं काय बिघडतंय. उलट बरंच आहे, कुणी विचारलं तर बहिणीची म्हणून सांगता येईल. घरी गेल्यावर शिकवीन म्हटलं. पण घरी जाऊन स्वयंपाक, धुणं, तेवढ्यात ती झोपलेली. आणि खरं सांगू, ती मावशी म्हणते तेव्हा त्यात मला आईच ऐकू येतं. बाकीची पोरं म्हणतात ते वेगळं, ही म्हणते ते वेगळं. पण कागदावर तो फरक कसा लिहिणार.

तू फोनवर एवढंच म्हणालीस, खरं काय ते सांगून टाक. ताई, खरं सांगणारा माणूस आपण बघितला आहे. भिंगरीच्या बाबाला काय सवय होती, विचारलं की खरं. फरशी बसवायचं सामान खांद्यावर घेऊन पुलावरून येत होता, तिथे अडवला. कार्ड नाही म्हणाला. जन्म कुठला म्हणून विचारलं तर म्हणाला पलीकडचा, पण मी तान्हा असताना आणलाय. तान्हा असताना आणलाय हे त्याला वाटलं की आपल्या बाजूचं बोलणं आहे. त्यांनी त्याच्या आधीचं तेवढं लिहून घेतलं. सोबतचा मिस्त्री चक्क खोटं बोलला, इथल्याच कुठल्यातरी गावाचं नाव सांगितलं, त्याला दम देऊन सोडलं. ह्याला नेला. पलीकडून एकदा फोन आला. म्हणाला, इथे मला कुणी ओळखत नाही, माझी बोली ऐकून हसतात. ‘पोटातलं कसं आहे’ विचारलं आणि फोन तुटला. त्यानंतर काही नाही. आता मी जाऊन खरं सांगितलं तर काय होईल? दुसऱ्याच्या कार्डावर बाळंत झाले म्हणून मला धरतील, दिलंस म्हणून तुला बोलावतील, आणि भिंगरीचं नाव खोडतील. मग ती माझ्यासारखी होईल. इकडची नाही आणि तिकडचं तिला कुणी दारात उभं करणार नाही. धरलेल्यांना ठेवतात त्या छावणीत आया वेगळ्या ठेवतात आणि मुलं वेगळी, हे शिलाईवालीने डोळ्यांनी बघितलंय.

आठवतं का, तुझं कार्ड आलं तेव्हा तू मला दाखवायला मुद्दाम आली होतीस. लग्न झालं आणि भाऊजींच्या नावावर तुला कार्ड मिळालं, तू इथली झालीस. आपण दोघी पायरीवर बसून त्या फोटोला हसलो होतो, चोरासारखी दिसतेस म्हणाले होते मी. तू म्हणालीस, तुझंपण होईल बारके, तुलापण एखादा कार्डवाला बघू. आणि मी नेमका बिनकार्डाचा बघितला. तेव्हा तू आठवडाभर बोलली नव्हतीस. मग तोच गेला, माझे दिवस भरत आले, आणि प्रसूतीच्या दवाखान्यात कार्डाशिवाय दारातसुद्धा घेईनात. तेव्हा तूच आलीस आणि कार्ड माझ्या हातात कोंबलंस. म्हणालीस, ‘आपण सारख्याच दिसतो, त्या चोराच्या फोटोत तर जास्तच.’ मला ते दिवस आठवले की अजून हसू येतं. तू घरात कोंडून बसली होतीस, तू दवाखान्यात आहेस ना म्हणून. भाजीवाल्यालासुद्धा दार उघडायचं नाही. आणि मी खाटेवर तू होऊन पडलेली.

तुला ते सगळं कधी नीट सांगितलंच नाही, तर सांगते. दुपारची वेळ होती. पाण्याची बादली घेऊन जिना चढत होते, मधल्या पायरीवर पहिली कळ आली. बादली तिथेच कलंडली आणि खालच्या मजल्यावरून शिव्या आल्या. रिक्षाने गेले. दवाखान्यात गेल्या गेल्या दिवे गेले, खिडकीशी नेऊन झोपवलं. खिडकीला निळा पडदा होता, खालून फाटलेला. नर्स तुझं नाव घेऊन हाक मारायची आणि मी भिंतीकडे बघत पडलेली. शेवटी ती जवळ येऊन म्हणाली, ‘स्वतःचं नाव विसरलीस काय बाई?’ तेव्हापासून मी मनात तुझं नाव घोकत राहिले, कळ आली की नाव, कळ गेली की नाव. शेवटी शेवटी भान सुटलं आणि मी ‘ताई गं’ म्हणून ओरडले. नर्सला वाटलं तिलाच हाक मारली. ‘आले आले, ताई कुठे पळून जात नाही’ म्हणाली. मला इतकं हसू आलं की त्या हसण्यातच पोरगी बाहेर आली. रडलीच नाही आधी. नर्सने पाठीवर मारलं, तळव्यावर टिचकी मारली, मग मांजरासारखी बारीक रडली. डाव्या खांद्यामागे तीळ आहे ना तिला, तो तेव्हापासूनचा, नर्सनेच दाखवला, म्हणाली हिला हरवू देणार नाही हा. वयाच्या मानाने लहान दिसतेस असंपण म्हणाली. तू माझ्यापेक्षा मोठी आहेस हे कार्डावर लिहिलेलंच होतं.

आणि घरी आणली तेव्हा सगळ्यात आधी तू घेतलीस. तू तिला परत द्यायला वेळ लावलास, ताई. मी बघत होते. मला दूध आलं होतं, ती रडत होती, आणि तू म्हणत होतीस की थांब, शांत होतेय माझ्याकडे. मी पदर सावरून थांबले. मूल व्हावं म्हणून तुझ्या दवाखान्याच्या खेपा तेव्हा चालू होत्या. आता बंद झाल्या असं भाऊजी मागे बोलता बोलता बोलून गेले. तू मला सांगितलं नाहीस, मीपण विचारलं नाही. तुझ्या सासूबाई त्या दिवशी म्हणाल्या होत्या, ‘पोर हिच्या नावावर आणि मांडी तिची, हे बरं आहे.’ सगळे हसले. तू हसली नव्हतीस. तेव्हापासून वर्षातून दोनदा फ्रॉक घेऊन येतेस, दर खेपेला एक माप मोठा, म्हणजे जास्त दिवस पुरेल. भिंगरी तुला फ्रॉकवाली मावशी म्हणते. तुझ्यासमोर म्हणत नाही, तुझ्यासमोर ती माझ्या मागे लपते. ती नव्या माणसाला आधी असंच करते. ओढायचं नाही तिला. तिच्याकडे न बघता आपलं काहीतरी करत बसायचं, मग ती स्वतःच येऊन गुडघ्याला टेकते.

तू तिला जास्त बघितलं नाहीस, म्हणून सांगते, ती कशी झालीये. डावखुरी आहे. बाईंनी उजव्या हाताची सवय लावायला बघितली, मी नाही लावू दिली. दुधावर सायीचा कण जरी आला तरी पेला बाजूला, म्हणून गाळून द्यावं लागतं. केळं सोलून दिलेलं चालत नाही, वरचं टोक मोडून द्यायचं, पुढचं ती सोलणार. र म्हणता येत नाही. लंगवते म्हणते, लडू नको म्हणते. उजव्या पोटरीला चट्टा आहे, तो इस्त्रीचा. मी इस्त्री खाली ठेवून वळले आणि ती बसायला गेली. ते मला जन्मभर पुरेल. तेव्हा तिने डॉक्टरला लाथ मारली होती, आणि मलम लावू दिलं ते फक्त आधी बाहुलीला लावल्यावर. बाहुली म्हणजे मोज्याला बटणं लावलेली, तिचं नाव तिने ‘साहेब’ ठेवलंय. का ते विचारू नकोस. पाण्याची मोटर चालू झाली की कानांवर हात. वाऱ्याला, कुत्र्याला, अंधाराला भीत नाही, फक्त मोटरला. केस विंचरताना मागून सुरुवात केली तर रडते, पुढून केली तर बोलत राहते. आणि झोपताना तिला कान लागतो. माझ्या डाव्या कानाची पाळी चिमटीत धरते आणि चोळत राहते, बोटं सैल पडली की समजायचं झोपली. म्हणून मी कानात काही घालत नाही. तू घालतेस ते खडे रात्री काढून ठेवावे लागतील, टोचलं की ती दचकून उठते आणि मग पहाटेपर्यंत गप्पा.

मागच्या पावसाळ्यात तिला ताप चढला होता, डोळे वर गेले होते. मी पोर उचलली आणि अनवाणी पळत सुटले. दवाखान्याच्या खिडकीवरच्या माणसाने विचारलं, ‘तुम्ही मुलीच्या कोण?’ त्या ताणातही मी आधी विचार केला की आज मी कोण आहे. एवढं झालंय माझं. मी तुझं नाव सांगितलं. इंजेक्शन दिल्यावर घाम आला, ताप उतरला, आणि डोळे उघडून ती पहिलं काय म्हणाली माहीत आहे, माझा साहेब कुठेय. तापाचं औषध तिला गुलाबी चालतं, केशरी ओकते. हेपण लक्षात ठेव.

आता ते मुद्द्याचं, जे मी लिहायचं टाळते आहे. शिलाईवाली तिच्या मुलाला घेऊन त्या कार्यालयात जाऊन आली आहे. तिथे रक्त वगैरे तपासत नाहीत, तेवढा त्यांना वेळ नाही. अंगठा आणि कार्ड जुळलं की आईला एका खोलीत बसवतात आणि मुलाला दुसऱ्या खोलीत, खेळणी देऊन. दोघांना तेच तेच विचारतात. कुठे लागलं होतं, कशाला भितो, झोपताना काय लागतं, जन्मला तेव्हा काय झालं. आईने हसत हसत सांगावं लागतं, आठवून आठवून नाही. शिलाईवाली स्वतःच्या मुलाच्या बाबतीत एका ठिकाणी अडली तर तिला दोन तास बसवून ठेवलं. म्हणून हे सगळं लिहिलंय ताई, वरचं सगळं. गप्पा म्हणून नाही लिहिलेलं. पाठ कर. जिना, बादली, निळा पडदा, नर्सचं बोलणं, तीळ, इस्त्री, मोटर, कान. माझं म्हणून वाचू नकोस, तुझं झालंय असं समजून वाच. मी तुझ्या नावाला ओ देताना तेच केलं, ते जमतं. पाठ झालं की चुलीत टाक. पोर बहिणीकडे का होतं विचारलं तर तब्येत बरी नव्हती म्हण, ते खोटंही नाही. भाऊजींना सांग, तुमचं नाव कुठे येणार नाही, आणि आलं तर बाप म्हणून येईल. आणि कार्यालयातून निघालात की तिला तुझ्याकडेच ने. ते नंतर सहा महिने घरी येऊन बघतात. मला शिलाईवालीच्या ओळखीने एका म्हातारीला सांभाळायचं काम मिळतंय, तिथे कार्ड विचारत नाहीत, आणि आपणही पगार विचारायचा नाही. सहा महिने गेले की मी येऊन जाईन. मावशीला कोण अडवतंय. मला तू येणार नाहीस याची भीती वाटते, आणि तू आनंदाने येशील याचीपण वाटते. दोन्हीतलं दुसरं झालेलं मला चालेल. गेला आठवडाभर मी तुझ्या लग्नाच्या फोटोवर बोट ठेवून तिला शिकवते आहे, ही आई. पहिल्या दिवशी ती हसली, म्हणाली आई म्हणजे संध्याकाळी न्यायला येते ती. मी म्हटलं, तुझीपण येणार आहे. तेव्हापासून बाकीच्या पोरांच्या आया यायची वेळ झाली की ती बूट घालते, डावा उजव्यात, साहेबाला काखेत घेते आणि दाराजवळच्या बाकावर जाऊन बसते. म्हणून तू कार्यालयाच्या आदल्या दिवशी संध्याकाळी ये. मी आत स्वयंपाकघरात असेन, बाहेर येणार नाही. ती तुला आई म्हणेल. लगेच म्हणेल, मी पक्कं करून घेतलंय. दचकू नकोस, डोळ्यात पाणी आणू नकोस, पुढे कार्यालयातही तसंच करायचं आहे. नुसती ओ दे, रोज देतेस तशी.

तुझीच,
बारकी